साताऱ्यात पक्षी ओळखायचे कसे? वही, दुर्बीण, पुस्तक आणि ॲप यांचा क्रम

पाण्याकाठी उभ्या असलेल्या पांढऱ्या बगळ्याचा दुरून काढलेला फोटो मोबाइलवरच्या ॲपला दाखवला, तर ते बहुधा एकाऐवजी चार नावे पुढे करते: छोटा बगळा, मध्यम बगळा, मोठा बगळा आणि गायबगळा. नेमका कोणता हे ठरवायला चोचीचा रंग, पायाच्या बोटांचा रंग आणि तोंडाच्या कोपऱ्यातून मागे जाणारी बारीक रेघ कुठे थांबते, एवढे तीन तपशील पुरतात. मात्र ते समोर पक्षी असतानाच टिपलेले नसतील, तर घरी आल्यावर कोणतेही पुस्तक किंवा ॲप ते भरून काढू शकत नाही. म्हणूनच कोणते साधन घ्यावे यापेक्षा कोणते साधन कोणत्या क्रमाने हाती घ्यावे, याला मी अधिक महत्त्व देतो. प्रत्येक साधन एकाच प्रकारच्या प्रश्नाचे उत्तर चांगले देते आणि दुसऱ्या प्रश्नावर फसवते.

आधी जिल्हा आणि महिना

सातारा जिल्ह्यात पश्चिमेला महाबळेश्वरला वर्षाला पाच हजार मिलिमीटरहून अधिक पाऊस पडतो, तर पूर्वेला माण आणि खटाव हे तालुके अवर्षणग्रस्त म्हणूनच ओळखले जातात. पावसाचा हा फरक पक्ष्यांमध्येही थेट उतरलेला आहे. कोयनेच्या सदाहरित जंगलात मलबारी राखी धनेश, भृंगराज आणि शीळकरी कस्तूर भेटतात, तर म्हसवड-दहिवडीच्या माळावर माळटिटवी, डोंबारी, चंडोल आणि पखुर्डी. मायणी आणि येरळवाडी येथील तलावांवर हिवाळ्यात बदके, करकोचे आणि पट्टकादंब उतरतात, काही वर्षी रोहितही येतात. चाळकेवाडीच्या पठारावर घिरट्या घालणारे शिकारी पक्षी, कृष्णाकाठी खंड्या आणि नदी सुरय, आणि गावाच्या आसपास बुलबुल, शिंपी, दयाळ, तांबट अशी साधारण वाटणी आहे.

त्यामुळे पक्षी दिसण्यापूर्वीच शक्यतांची यादी बरीच लहान करता येते. माळावर दिसलेला तपकिरी, रेघारेघांचा लहान पक्षी चंडोल किंवा तीरचिमणी असण्याची शक्यता मोठी, जंगलातल्या एखाद्या सातभाईची फार थोडी. महिन्याचेही तसेच आहे. उत्तरेकडून येणारे स्थलांतरित पक्षी साधारण सप्टेंबर-ऑक्टोबरपासून दिसू लागतात आणि मार्च-एप्रिलमध्ये परततात. उलट चातक आणि नवरंग पावसाच्या तोंडावर येतात. जुलैमध्ये भोवत्या हा हिवाळी शिकारी पक्षी दिसल्यासारखा वाटला, तर तो ओळखताना दुप्पट काळजी घ्यावी, कारण त्या काळात तो येथे असणे अपेक्षित नाही.

वही: सर्वांत स्वस्त आणि सर्वांत उपयोगी साधन

खिशात मावणारी वही आणि पेन्सिल घ्यावी. पावसात आणि दवात पेनची शाई पसरते, म्हणून पेन्सिलच बरी. पक्षी दिसताच त्याचे नाव शोधण्याच्या मागे न लागता पुढील गोष्टी याच क्रमाने पाहाव्यात.

पहिला प्रश्न आकाराचा. सेंटिमीटरमध्ये अंदाज करण्याचा प्रयत्न करू नये, दूरवरच्या पक्ष्याच्या बाबतीत तो हमखास चुकतो. चिमणी, साळुंकी, कबूतर, कावळा आणि घार हे पाच ओळखीचे पक्षी माप म्हणून धरावेत आणि ‘साळुंकीपेक्षा लहान, चिमणीपेक्षा मोठा’ असे लिहावे. दुसरा प्रश्न घडणीचा: चोच जाड की बारीक, सरळ की वाकडी, शेपटी लांब की आखूड, शेवट दुभंगलेला की गोल, पाय किती लांब. घडण प्रकाशाने बदलत नाही. रंग मात्र सकाळच्या तिरप्या उन्हात आणि ढगाळ हवेत वेगळा भासतो, म्हणून त्याचा क्रम तिसरा ठेवावा.

रंग लिहिताना नुसते ‘काळा-पांढरा’ लिहून भागत नाही, तो कुठे आहे हे लिहावे लागते. चीरक, दयाळ आणि गप्पीदास या तिन्ही पक्ष्यांचे नर घाईत पाहिले तर काळे-पांढरेच दिसतात. दयाळाचे पोट पांढरे असते आणि पंखावर लांब पांढरा पट्टा असतो. चीरकाचे पोट काळे, खांद्याजवळ पांढरा डाग आणि शेपटीखाली विटकरी रंग असतो, आणि तो शेपटी वारंवार उंच उभारतो. गप्पीदास दोघांपेक्षा लहान, कंबरेवर पांढरा, आणि माळावरच्या काटकीच्या अगदी टोकावर बसणारा. माथा, भुवई, डोळ्यातून जाणारी पट्टी, गळा, छाती, पोट, पाठ, कंबर, शेपटीखालचा भाग आणि पंखावरचे पट्टे, हे दहा भाग नजरेसमोर ठेवून वरून खाली पाहण्याची सवय लावली, तर काही सेकंदांतही पुष्कळ टिपता येते. वहीत पक्ष्याची ओबडधोबड आकृती काढून बाण दाखवून रंग लिहिणे ही माझ्या मते सर्वांत भरवशाची पद्धत आहे. चित्र चांगले येण्याची काहीही गरज नाही.

शेवटी वर्तन, अधिवास आणि आवाज. कोतवाल आणि राखी कोतवाल यांच्यात पक्षी कुठे बसला आहे ही नोंदसुद्धा उपयोगी पडते. कोतवाल शेताच्या बांधावर, विजेच्या तारेवर, गुरांच्या पाठीवर उघड्यावर बसतो आणि त्याच्या चोचीच्या मुळाशी बहुधा बारीक पांढरा ठिपका असतो. राखी कोतवाल हिवाळ्यात येतो, झाडीत राहणे पसंत करतो आणि त्याचा डोळा लाल असतो.

आता पुन्हा बगळ्यांकडे येऊ. छोट्या बगळ्याची चोच काळी, पाय काळे आणि बोटे पिवळी असतात. तो चालताना चिखलातून पाऊल उचलेपर्यंत थांबावे, म्हणजे पिवळी बोटे स्पष्ट दिसतात. गायबगळा आखूड मानेचा, पिवळ्या चोचीचा, आणि पाण्यापेक्षा गुरांच्या आणि नांगराच्या मागे अधिक दिसणारा. मध्यम आणि मोठा बगळा यांच्यात तोंडाची रेघ निर्णय देते: मध्यम बगळ्यात ती डोळ्याखालीच संपते, मोठ्या बगळ्यात ती डोळ्याच्या मागे जाते. चोचीचा रंग या दोघांत विणीच्या काळात बदलतो, म्हणून त्यावर एकट्यावर विसंबू नये.

दुर्बीण: घ्यायची कोणती आणि लावायची कशी

कॅमेऱ्याच्या आधी दुर्बीण घ्यावी, असे माझे ठाम मत आहे. कॅमेऱ्यामागचा माणूस फोटो मिळाला की पाहणे थांबवतो. दुर्बीण घेतलेला माणूस पक्षी उडेपर्यंत पाहत राहतो.

दुर्बिणीवर ८×४२ किंवा १०×४२ असे आकडे असतात. पहिला आकडा किती पट मोठे दिसते ते सांगतो, दुसरा पुढच्या भिंगाचा व्यास मिलिमीटरमध्ये देतो. दुसऱ्याला पहिल्याने भागले की डोळ्यापर्यंत पोहोचणाऱ्या प्रकाशाच्या झोताची रुंदी मिळते: ८×४२ मध्ये ती ५.२५ मिलिमीटर, १०×४२ मध्ये ४.२. पहाटे, संध्याकाळी आणि कोयनेसारख्या दाट सावलीत हा फरक जाणवतो. शिवाय दहा पट दुर्बिणीत हाताचा कंपही दहा पट होतो आणि एका वेळी दिसणारा परिसर साधारणपणे कमी होतो, त्यामुळे फांद्यांतून उड्या मारणारा सुभग किंवा चष्मेवाला सापडेपर्यंत निघून जातो. नवख्या माणसाने ८×४२ घ्यावी. तलावावर आणि माळावरच अधिक फिरणे होणार असेल तर १०×४२ चालेल. वीस-तीस पट मोठे दाखवण्याची जाहिरात करणाऱ्या छोट्या दुर्बिणी घेऊ नयेत, त्यांत चित्र अंधूक आणि अस्थिर दिसते. चष्मा वापरणाऱ्यांनी डोळ्यापासून पंधरा मिलिमीटर किंवा त्याहून अधिक अंतरावरूनही पूर्ण चित्र दिसेल अशीच दुर्बीण निवडावी आणि तिच्या डोळ्यांकडच्या रबरी वाट्या खाली दुमडून किंवा फिरवून ठेवाव्यात.

पुष्कळ जण दुर्बीण विकत घेतल्यावर एक साधी गोष्ट करीत नाहीत आणि मग डोळे दुखतात म्हणून ती कपाटात जाते. प्रथम दोन्ही नळ्या जवळ किंवा दूर करून दोन वर्तुळांऐवजी एकच वर्तुळ दिसेल असे करावे. मग उजवी नळी तळहाताने झाकून, डाव्या डोळ्याने एखाद्या स्थिर पाटीकडे पाहत मधले चाक फिरवून अक्षरे स्पष्ट करावीत. नंतर डावी नळी झाकावी आणि मधल्या चाकाला हात न लावता, उजव्या डोळ्याकडच्या नळीवर असलेली वेगळी कडी फिरवून तीच अक्षरे स्पष्ट करावीत. त्या कडीची खूण लक्षात ठेवावी. यानंतर फक्त मधले चाकच फिरवायचे असते. पक्ष्यावर दुर्बीण नेताना नजर पक्ष्यावरून न हलवता दुर्बीण डोळ्यांपर्यंत उचलावी. आधी दुर्बीण लावून मग पक्षी शोधू गेले की झाडाची पानेच दिसत राहतात.

महाबळेश्वर, कास आणि कोयना परिसरात पावसाळ्याच्या दमट हवेत भिंगांवर बुरशी चढते. दुर्बीण आणि कॅमेरा हवाबंद डब्यात सिलिका जेलच्या पुड्यांबरोबर ठेवावेत आणि भिंग शर्टाच्या टोकाने कधीही पुसू नये.

येरळवाडी किंवा मायणीसारख्या तलावावर पक्षी दूर असतात. तेथे २० ते ६० पट मोठे दाखवणारी, तिपायीवर लावायची स्पॉटिंग स्कोप फार उपयोगी पडते. ती महाग असल्यामुळे चार जणांत मिळून एक घेणे शहाणपणाचे. सकाळी पूर्वेच्या काठावर उभे राहावे, म्हणजे सूर्य पाठीशी राहतो आणि पश्चिमेकडचे पक्षी उजेडात दिसतात. ऊन चढल्यावर पाण्यावरची हवा थरथरू लागते आणि कितीही चांगल्या स्कोपमधून चित्र हलताना दिसते, म्हणून मोजणी आणि अवघड ओळख सकाळी लवकर उरकावी.

पुस्तक

ॲप असताना पुस्तक कशाला, असा प्रश्न नेहमी येतो. ॲप एका पक्ष्याचे उत्तर देते, तर पुस्तकाच्या समोरासमोरच्या पानांवर एका कुळातील सगळे पक्षी शेजारी शेजारी दिसतात, आणि फरक कशात आहे हे तेथेच समजते. त्यासाठी छायाचित्रांपेक्षा रंगीत चित्रे असलेले पुस्तक अधिक चांगले, कारण चित्रकार सर्व पक्षी एकाच प्रकाशात आणि एकाच बाजूने दाखवतो. डॉ. सालिम अली यांचे ‘द बुक ऑफ इंडियन बर्ड्स’ हे १९४१ साली बॉम्बे नॅचरल हिस्टरी सोसायटीने प्रथम प्रसिद्ध केले. त्याच्या नंतरच्या आवृत्त्या आजही वर्तन आणि अधिवास समजून घेण्यासाठी वाचाव्यात. मराठी नावांसाठी मारुती चितमपल्ली यांचा ‘पक्षिकोश’ हाताशी असावा. एकाच पक्ष्याची नावे तालुक्यागणिक बदलतात, तेव्हा वहीत मराठी नावासोबत शास्त्रीय नावही लिहून ठेवले की पुढे गोंधळ होत नाही.

पुस्तक पाहताना एक सावधगिरी बाळगावी. पुष्कळ चित्रांत विणीच्या काळातला नर ठळक दाखवलेला असतो. थापट्या या स्थलांतरित बदकाचा नर सप्टेंबर-ऑक्टोबरमध्ये येतो तेव्हा मादीसारखाच मळकट दिसतो. त्या वेळी हिरव्या डोक्यापेक्षा चमच्यासारखी रुंद चोच पाहावी. जांभळ्या शिंजीराचा नर विणीनंतर पिवळट पोटाचा होतो आणि त्याच्या गळ्यापासून पोटापर्यंत फक्त एक गडद रेघ उरते. मातकट दिसणारी ढोकरी पाण्याकाठी दगडासारखी बसून असते आणि उडताच तिचे पंख पांढरेशुभ्र दिसतात, तर विणीच्या काळात तिच्याच पाठीवर गडद तांबूस रंग चढतो. आपल्याकडे वर्षभर राहणारे हळदी-कुंकू बदक मात्र सोपे आहे: चोचीच्या टोकाला पिवळा आणि मुळाशी लाल ठिपका.

मर्लिन आणि ई-बर्ड

अमेरिकेतील कॉर्नेल विद्यापीठाच्या पक्षिशास्त्र प्रयोगशाळेची ही दोन ॲप विनामूल्य आहेत. मर्लिन ओळखण्यासाठी आहे, ई-बर्ड नोंद करण्यासाठी.

मर्लिन उघडल्यावर प्रथम भारताचा पक्ष्यांचा संच डाउनलोड करावा. हे काम घरीच करावे, कारण बामणोली, कोयनानगर आणि ठोसेघरच्या पलीकडे बऱ्याच ठिकाणी नेटवर्क मिळत नाही. संच उतरवून ठेवला असेल तर ॲप नेटवर्कशिवायही चालते. त्यात ओळखण्याचे तीन मार्ग आहेत. पहिला प्रश्नांचा: कुठे, केव्हा, किती मोठा, कोणते रंग आणि काय करत होता. वहीत आपण हेच लिहिलेले असते, म्हणून हा मार्ग मी सर्वांत आधी वापरण्यास सुचवतो. दुसरा फोटोचा. फोटो देताना पक्षी चौकटीत मोठा येईल असा कापून द्यावा आणि ठिकाण व तारीख अचूक भरावी. तिसरा आवाजाचा.

आवाजाच्या मार्गाने लोक सर्वाधिक भारावतात आणि सर्वाधिक चुकतातही. ॲप ऐकता ऐकता नावे दाखवत जाते, परंतु ती नावे म्हणजे सूचना असतात. सह्याद्रीतला भृंगराज इतर पक्ष्यांच्या हुबेहूब नकला करतो, आणि पर्णपक्षीही करतो. अशा वेळी ॲप ज्याची नक्कल चालली आहे त्याचे नाव दाखवू शकते. पावसाळ्यात धबधब्याचा आवाज, बेडूक आणि रातकिडे यांमुळेही गफलत होते. म्हणून ॲपने नाव दाखवले की त्यावर बोट ठेवून त्या पक्ष्याचे नमुन्यादाखल दिलेले आवाज ऐकावेत, आवाजाच्या दिशेने पाहावे, आणि पक्षी दिसल्याशिवाय किंवा आवाज स्वतःच्या कानाला पक्का पटल्याशिवाय तो यादीत घेऊ नये.

कान तयार करण्यासाठी झेनो-कॅन्टो हे संकेतस्थळ उत्तम आहे. २००५ पासून जगभरातील लोकांनी तेथे पक्ष्यांची ध्वनिमुद्रणे ठेवली आहेत आणि ती कोणालाही ऐकता येतात. एका वेळी परिसरातलेच चार-पाच आवाज निवडावेत: तांबटाची एकसुरी टुक-टुक, कुटुर्ग्याचे कुटुर्र-कुटुर्र, भारद्वाजाचे खोल कूप-कूप, पावशाचे चढत जाणारे ‘पेर्ते व्हा’. जून महिन्यात पहाटे महाबळेश्वर किंवा ठोसेघरच्या ओढ्याकाठी माणसाने घातल्यासारखी शीळ ऐकू आली, तर तो शीळकरी कस्तूर असण्याचा संभव फार मोठा.

ई-बर्डचा खरा उपयोग बहुतेकांना ठाऊकच नसतो. संकेतस्थळावर ‘एक्स्प्लोअर’मध्ये बार चार्ट नावाचा भाग आहे. तेथे महाराष्ट्र आणि मग सातारा जिल्हा निवडला, की जिल्ह्यात नोंदलेल्या प्रत्येक पक्ष्यासमोर वर्षाच्या बारा महिन्यांची हिरवी पट्टी येते. प्रत्येक महिन्याचे चार भाग केलेले असतात आणि पट्टी जितकी जाड तितका तो पक्षी त्या काळातील याद्यांत अधिक वेळा आलेला असतो. आपण ओळखलेल्या पक्ष्याची पट्टी त्या महिन्यात रिकामी असेल, तर तो पक्षी नसेलच असे नाही, पण आपला पुरावा पुन्हा तपासायला हवा. सेटिंगमध्ये जाऊन पक्ष्यांची नावे मराठीत दिसतील अशी सोयही करून घेता येते.

यादी भरताना घराबाहेर पडताच ‘स्टार्ट’ दाबावे, म्हणजे वेळ आणि चाललेले अंतर आपोआप नोंदले जाते. पंधरा मिनिटांची यादीही उपयोगी असते. दिसलेल्या आणि ओळखता आलेल्या सर्व पक्ष्यांची नोंद केली असेल तरच ‘संपूर्ण यादी’ या प्रश्नाला होय म्हणावे, केवळ दुर्मीळ पक्षी निवडून लिहिलेल्या यादीला नाही. साळुंक्या, कावळे आणि पारवे यांचीही संख्या द्यावी, अंदाजे असली तरी चालेल. दुर्मीळ पक्षी किंवा फार मोठी संख्या लिहिली तर स्वयंसेवी परीक्षक तपशील विचारतात, आणि तेव्हा वहीतली ती ओबडधोबड आकृती कामी येते.

साळुंकीसारख्या रोजच्या पक्ष्याचीही संख्या लिहा, असा आग्रह मी का धरतो, ते सांगतो. २०२३ च्या ‘स्टेट ऑफ इंडियाज बर्ड्स’ या अहवालात सुमारे तीस हजार पक्षिनिरीक्षकांच्या तीन कोटी नोंदींच्या आधारे ९४२ जातींची स्थिती मांडली आहे, आणि माण-खटावच्या तारांवर हिवाळ्यात दिसणारा आपला नीलकंठ झपाट्याने घटत असल्याचे त्याच नोंदींतून समोर आले. चाळकेवाडीच्या पठाराचे उदाहरण तर आपल्या दाराशीच आहे. २०१८ साली प्रसिद्ध झालेल्या संशोधनात पवनचक्क्या असलेल्या भागात शिकारी पक्षी पवनचक्क्या नसलेल्या भागाच्या तुलनेत सुमारे चौपट कमी आणि सरडे मात्र अधिक आढळले. अशा पठारावर हवेत एकाच जागी पंख फडफडवत राहणारा पक्षी दिसला, तर तो कापशी घार की खरुची, हे ओळखून लिहिणे म्हणूनच महत्त्वाचे ठरते. दोघेही हवेत स्थिर राहून खाली पाहतात, पण कापशी राखी-पांढरी, काळ्या खांद्यांची आणि आखूड शेपटीची असते, तर खरुचीची पाठ विटकरी आणि शेपटी लांब असते.

माणसे आणि मर्यादा

कोणतेही साधन अनुभवी निरीक्षकासोबत घालवलेल्या सकाळीची बरोबरी करीत नाही. महाराष्ट्र पक्षिमित्र ही संघटना राज्यभर काम करते. दरवर्षी ५ ते १२ नोव्हेंबर, म्हणजे मारुती चितमपल्ली आणि सालिम अली यांच्या जन्मदिवसांच्या दरम्यान, राज्यात पक्षी सप्ताह साजरा होतो आणि त्या काळात अनेक ठिकाणी पक्षिनिरीक्षणाचे कार्यक्रम असतात. त्यांत सामील होणे ही सुरुवात करण्याची सोपी वाट आहे.

कोयना अभयारण्य हे सह्याद्री व्याघ्र प्रकल्पाचा भाग आहे, तेथे वन विभागाच्या परवानगीशिवाय जाऊ नये. मोबाइलवर आवाज वाजवून पक्ष्याला बाहेर काढणे पूर्णपणे टाळावे. विणीच्या काळात तो आवाज ऐकून नर हद्द राखण्यासाठी धावून येतो आणि तेवढा वेळ घरट्यापासून दूर राहतो. घरट्याजवळ फोटोसाठी फांद्या बाजूला करू नयेत, कारण सावली गेली की पिलांना ऊन लागते आणि कावळ्यांना घरटे दिसते. माळावर टिटवी ओरडत डोक्यावर घिरट्या घालू लागली, तर अंडी जवळच जमिनीवर आहेत असे समजून आल्या पावली मागे फिरावे.

राहता राहिले न ओळखता आलेले पक्षी. ते प्रत्येक यादीत असतात, विशेषतः वटवटे, तीरचिमण्या आणि भोवत्यांच्या माद्या. त्यांना ओढूनताणून नाव देऊ नये. ई-बर्डमध्ये ‘भोवत्या, जात अनिश्चित’ अशा अर्थाची किंवा दोन जातींची नावे एकत्र असलेली नोंद करता येते, ती निवडावी, सोबत वहीतले वर्णन टंकावे आणि अस्पष्ट का होईना, फोटो जोडून ठेवावा. यादी पुढे कधीही उघडून दुरुस्त करता येते. त्यामुळे दुसऱ्या हिवाळ्यात तोच पक्षी जवळून पाहायला मिळाला की जुन्या नोंदीतले वर्णन पुन्हा वाचून तिला नाव द्यावे, आणि वर्णन जुळत नसेल तर ती तशीच राहू द्यावी.